पडद्यावरचें भूत आणि भगताचें भूत

भुताच्या गोष्टी आमच्या मुलखास नव्या नाहींत. मुंजा पिंपळावर, हडळ विहिरीवर, खवीस पडक्या वाड्यांत. घाटाखालच्या कोणत्याहि गांवीं विचारा. याच जुन्या भीतीस हात घालून १९४९ सालीं 'भेदी बंगला' हा बोलपट पडद्यावर आणला तो भगवानदादांनीं.

हे भगवान आभाजी पालव म्हणजे मुंबईच्या एका गिरणीकामगाराचे चिरंजीव, जन्म १९१३. (मुंबईच्या गिरण्यांस १९१५ पासून आमच्या खोपोलीची वीज जाऊं लागली, म्हणून हे गृहस्थ आम्हांस जरा शेजारचेच वाटतात.) मूकपटांच्या उतरत्या काळांत ते नट झाले आणि १९३८ च्या 'बहादुर किसान'पासून दिग्दर्शनहि करूं लागले. थोड्या पैशांत मारामारीचीं चित्रें काढावीं, स्वतःच त्यांत उतरावें आणि कामगारांनीं थिएटर भरावें, असा तो क्रम. शहाण्यासुरत्यांनीं तीं चित्रें हलकीं ठरविलीं. पुढें १९५१ सालीं 'अलबेला' नाचगाण्यांवर गाजला, तेव्हां तीच मंडळी टाळ्या वाजवूं लागली. आणि आज भगवानदादा म्हटले कीं तो नाच तेवढा आठवतो.

आमचें म्हणणें असें, कीं तो भीतीचा खेळ हलका नव्हता. दिवसभर साच्यापाशीं उभा राहिलेला माणूस कांहीं आणे देऊन घाबरतो, हसतो आणि दिवे लागले कीं घरीं जातो. भूत आणि त्याचा हिशेब तेथेंच मिटतो. भगताच्या भुताचा हिशेब मिटत नाहीं.

मागल्या पावसाळ्यांत आमच्या वर्गांतील एक मुलगी आठ दिवस आली नाहीं. घरीं गेलों तों बाप म्हणाला, "गुरुजी, पोरीला बाहेरचं लागलंय. भगतानं बघितलंय." कोंबडें गेलें, मग बोकड गेला, मग उसने काढलेले रुपये गेले. २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा आम्हीं त्यास वाचून दाखविला. तो नुसता मान हलवीत बसला. शेवटीं आम्हींच हट्ट धरून तिला दवाखान्यांत नेलें. रक्त तपासलें, हिवताप निघाला. सिनेमानें पोरें बिघडतात असें आम्हांस नित्य ऐकविणारे गांवचे पुढारी त्याच भगतापुढें नारळ ठेवून येत होते.

भगवानदादांचा बंगला आणि मोटारी पुढच्या चित्रांच्या तोट्यांत गेल्या. २००२ सालीं ते दादरच्या चाळींत वारले. आमच्या भगताच्या घरावर यंदा स्लॅब पडला.