कोम्बिंगचं कलम दाखवा
मी राबतो त्या मिलच्या फाटकावर पोलिसांची जीप थांबते. वॉचमन शेठला विचारून येतो, मगच फाटक उघडतं. आमच्या पत्र्याच्या दाराला मात्र थेट बूट.

१० डिसेंबर २०२४. परभणीत बाबासाहेबांच्या पुतळ्यापुढच्या संविधानाची विटंबना झाली. ११ ला बंद. जाळपोळ झाली, कोण नाही म्हणतंय? पण मग कोम्बिंगच्या नावानं घरात घुसून बायाबापड्यांना झोडपलं, हे वस्त्या ओरडून सांगतात. सोमनाथ सूर्यवंशी, कायदा शिकणारा वडार समाजाचा पोरगा, १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत गेला. पोलिसांवर गुन्हा नोंदवा, हे हायकोर्टानं सांगायला जुलै २०२५ उजाडला. त्याविरुद्धही सरकार सुप्रीम कोर्टात पळालं अन् हात हलवत परत आलं.

कोम्बिंग नावाचं कलम मी नागरिक सुरक्षा संहितेत शोधलं. न्हाई. काय हाय ते ऐका. कलम ४४: आरोपी आत असला तरी आधी ओळख अन् कारण सांगायचं, दार उघडा म्हणायचं. आत जायचा दुसरा मार्गच नसेल तर तोडायचं. कलम १०३: झडतीला दोन स्वतंत्र, ‘प्रतिष्ठित’ पंच. (आमच्या वस्तीत प्रतिष्ठित माणसं राहतात, हे ठाण्यात कुणी सांगा रे!) कलम १०५: चित्रीकरण. अन् रात्री-अपरात्री घरी येऊन हजेरी घेणं तर सुप्रीम कोर्टानं १९६२ लाच खरकसिंगाच्या खटल्यात घटनाबाह्य ठरवलंय.

तेव्हा दार वाजलं की विचारा: कारण काय? पंच कुठायत? कॅमेरा कुठाय? अन् कोयंडा तुटला तर तो फेकू नका, फोटो काढून तारीख टाका, लेखी तक्रारीला जोडा, पोच घ्या.