गणवेश उतरल्यानंतरचे प्रश्न

लष्करातील चौदा वर्षांची सेवा संपल्यावर नोंदणीसाठी मी एका सरकारी कार्यालयात गेले होते. लिपिकाने अर्ज पुढे सरकवत विचारले, ‘‘मॅडम, साहेबांचा सेवाक्रमांक?’’ क्रमांक माझाच होता. त्याच्या प्रश्नात अनादर नव्हता. त्या खिडकीशी येणारी स्त्री सैनिकाची पत्नी किंवा वीरपत्नी असते, एवढाच त्याचा अनुभव. आपल्या धोरणांची दृष्टीही याहून फारशी निराळी नाही.

वैद्यकीय सेवेबाहेरील शाखांत स्त्रियांना अधिकारी म्हणून प्रवेश मिळाला तो १९९२ मध्ये, आणि तोही अल्पकालीन. पुढे ही सेवा दहा आणि वाढीव चार, अशी चौदा वर्षांची झाली. अधिकाऱ्याच्या निवृत्तिवेतनासाठी मात्र वीस वर्षे लागतात. पुरुषांपुढे कायम कमिशनचा पर्याय होता. स्त्रियांना तो बहुतेक शाखांत नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने १७ फेब्रुवारी २०२० रोजी बबिता पुनिया खटल्यात हा अडसर दूर केला. मार्च २०२१ च्या नितिशा निकालाने वरकरणी समान निकषही पक्षपाती असू शकतात, हे मान्य केले. परंतु सेवेत राहण्याचा हक्क आणि सेवेनंतर उभे राहण्याची सोय या दोन भिन्न गोष्टी आहेत.

सदतिशीच्या आसपास बाहेर पडलेल्या अधिकारी स्त्रीपुढे काय असते? केंद्रीय सेवांतील माजी सैनिकांच्या राखीव जागा प्रामुख्याने ‘क’ व ‘ड’ गटांत आहेत. पुनर्वसन महासंचालनालयाच्या सुरक्षा संस्था, कोळसा वाहतूक यांसारख्या योजना निवृत्त पुरुष डोळ्यांसमोर ठेवून आखल्यासारख्या वाटतात. शेकडो जवानांची रसद सांभाळलेल्या स्त्रीला खासगी मुलाखतीत पहिला प्रश्न येतो तो पतीच्या बदलीचा. मलाही आला.

हा प्रश्न केवळ अधिकाऱ्यांचा राहिलेला नाही. मार्च २०२३ मध्ये आयएनएस चिल्का येथून बाहेर पडलेल्या नौदलाच्या पहिल्या अग्निवीर तुकडीत २७३ मुली होत्या. चार वर्षांनंतर त्यांच्या तुकडीतील फार तर एक चतुर्थांश अग्निवीरांना नियमित सेवा मिळेल. उरलेल्यांना सुमारे ११.७१ लाख रुपयांचा सेवानिधी मिळेल. निवृत्तिवेतन नाही, माजी सैनिकाचा दर्जाही नाही. पंचविशीच्या आत घरी परतणाऱ्या या मुलीपुढे नोकरीआधी लग्नाचा विषय निघेल, हे सांगायला संशोधनाची गरज नाही.

म्हणून तीन गोष्टी तातडीने व्हाव्यात. दहा ते चौदा वर्षे सेवा केलेल्यांना त्या प्रमाणात निवृत्तिवेतन मिळावे. लष्करी कौशल्यांना नागरी क्षेत्रात मान्य होईल असे प्रमाणपत्र सेवा संपण्यापूर्वीच द्यावे. आणि सेवा बजावून परतलेल्या स्त्रियांची स्वतंत्र गणना करून ती दरवर्षी जाहीर करावी. ज्यांची मोजदादच होत नाही, त्यांच्यासाठी तरतूद होत नसते.

३० मे २०२५ रोजी खडकवासल्याच्या प्रबोधिनीतून १७ मुलींची पहिली तुकडी बाहेर पडली, तेव्हा देशाने टाळ्या वाजवल्या. त्या योग्यच होत्या. मात्र उद्या त्यांपैकी कोणी त्या खिडकीशी आली, तर तिला साहेबांचा क्रमांक विचारला जाऊ नये. तेवढी तयारी करण्यास आपल्या हाती अजून वेळ आहे. अग्निवीर मुलींच्या बाबतीत तो फार थोडा आहे.