फवारणी, लाल डोळा आणि काचबिंदू

2017च्या पावसाळ्यात आपल्या यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले, शेकडो जण दवाखान्यात भरती झाले. तेव्हापासून मास्क आणि चष्म्याबद्दल सगळेच सांगतात, आणि ते सांगायलाच हवं. मला सांगायचं आहे ते फवारणीनंतर, संध्याकाळी वावरातून परत आल्यावर मेडिकलमधून ‘डोळे लाल झाले, काहीतरी द्या’ म्हणून आणलेल्या बाटलीबद्दल.

या बाटल्यांपैकी कित्येकांत स्टेरॉइड असतं. लाली सकाळपर्यंत उतरते, म्हणून विश्वास बसतो. मग ती बाटली कोनाड्यात राहते आणि पोराच्या खाजेपासून आजीच्या पाणावणाऱ्या डोळ्यापर्यंत सगळ्यांना तीच. काही जणांच्या डोळ्याचा दाब अशा थेंबांनी काही आठवड्यांतच वाढतो. तेव्हा डोळा दुखत नाही, लालही दिसत नाही. पऱ्हाटीची काडी लागून बुबुळावर जखम झाली असेल, तर हेच थेंब बुरशीला मोकळं रान देतात, तो धोका आणखी वेगळा.

डोळ्याच्या आत सतत पाणी तयार होतं आणि बारीक जाळीतून बाहेर जातं. ठिबकच्या फिल्टरमध्ये गाळ बसला की मागे दाब चढतो, तसंच इथे होतं. हा दाब साधारण 10 ते 21 मिलिमीटर पाऱ्याच्या दरम्यान असतो. तो चढला की डोळ्याच्या मागच्या बाजूला, जिथून नस मेंदूकडे निघते तिथे, ताण येतो. त्या नसेत दहा-बारा लाख तंतू असतात. ते एकेक करून मरतात आणि पुन्हा उगवत नाहीत. हाच काचबिंदू. काहींची नस तर दाब नेमस्त असतानाही झिजते. म्हणून नुसता दाब मोजून भागत नाही, नस पाहावी लागते.

आधी कडेची नजर जाते. समोरचं शेवटपर्यंत ठीक दिसतं, माणूस पेपर वाचतो, सुईत दोरा ओवतो. एका डोळ्याची उणीव दुसरा भरून काढतो. चौकटीला खांदा लागतो, बाजूने आलेली मोटारसायकल अंगावर आल्यावरच दिसते, आणि घरचे म्हणतात, ‘आता वय झालं.’ भारतात चाळिशीपुढचे एक कोटीहून अधिक लोक काचबिंदूचे असल्याचा अंदाज आहे. बहुतेकांना त्याचा पत्ताच नाही. मोतीबिंदू काढला की नजर परत येते. काचबिंदूत गेलेली येत नाही, ऑपरेशन केलं तरी. उरलेली मात्र वाचते. आणि मोतीबिंदूसुद्धा ‘पिकू द्या’ म्हणत बसू नका. फार पिकलेला मोतीबिंदूही डोळ्याचा दाब वाढवतो.

काचबिंदूचा एक प्रकार मात्र अचानक येतो: डोळा आणि डोकं जबर दुखतं, उलट्या होतात, दिव्याभोवती रंगीत कडी दिसतात. याला पित्त समजून गोळी घेऊन झोपू नका, त्याच दिवशी डोळ्यांचा डॉक्टर गाठा.

चाळिशी उलटलेल्या प्रत्येकाने, त्यातही मधुमेह असलेल्यांनी, डोळ्याला मार लागलेल्यांनी आणि स्टेरॉइडचे थेंब वापरलेल्यांनी एकदा तपासणी करून घ्यावी. जवळच्या ग्रामीण किंवा उपजिल्हा रुग्णालयातल्या नेत्र चिकित्सा अधिकाऱ्यांना भेटा. पुढची तपासणी यवतमाळच्या श्री वसंतराव नाईक शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या नेत्र विभागात होऊ शकते. नुसता चष्म्याचा नंबर काढून परत येऊ नका. ‘दाब मोजा, बाहुली मोठी करून नस बघा’ असं स्पष्ट सांगा.

काचबिंदूचे थेंब सुरू झाले की ते बहुधा जन्मभर. त्यांनी नजर सुधारल्यासारखी वाटत नाही, म्हणूनच लोक कापूस वेचणीच्या धांदलीत ते सोडतात. ते सोडू नका. दमा असेल तर औषध घेण्याआधी सांगा, कारण यातल्या काही थेंबांत असणारं टिमोलॉल दमेकऱ्याला बाधतं. थेंब टाकल्यावर डोळा मिटून नाकाकडचा कोपरा दोन मिनिटं बोटाने दाबून धरा.

फवारा डोळ्यात उडाला तर पंधरा मिनिटं स्वच्छ पाण्याने धुवा आणि दवाखान्यात जा. आज रात्रीच कोनाड्यातली बाटली काढून नाव वाचा. डेक्सामेथासोन, बीटामेथासोन किंवा प्रेडनिसोलोन दिसलं, तर यापुढे मनाने टाकू नका, ती डॉक्टरांना दाखवा. आणि घरात कुणाला काचबिंदू निघाला, तर त्याच्या सख्ख्या भावा-बहिणींनाही तपासायला न्या.