सुईच्या अग्राएवढा धोका

म्हसळ्याहून एस.टी.ने मुंबई गाठेपर्यंत बाईमाणसाच्या हातातले विणकाम कोणी अडवीत नाही. गाडीने हिसका दिला की शेजाऱ्याने स्वतःला सांभाळायचे, एवढाच काय तो नियम! विमानतळावर मात्र त्याच सुया शस्त्र ठरतात. आपल्या तालुक्यातील कितीतरी घरांतले कोणी ना कोणी कुवेत, बहरीन, दुबईला आहे. लेकीसुनांच्या बाळंतपणाला तिकडे निघालेल्या आज्या-मावश्यांच्या पिशवीत अर्धवट विणलेले टोपडे असायचेच. तेव्हा हा विषय थट्टेवारी नेण्याजोगा नाही.

माझ्या मावशीच्या दोन्ही सुया तपासणीत काढून घेतल्या. सुयांचे काय एवढे? पण साठ टाके सुईवरून उतरले आणि पंधरा दिवसांचे काम उसवू लागले. तिच्या पर्समधले टोकदार बॉलपेन मात्र सुखरूप कुवेतला पोहोचले.

तपासणी नकोच, असे माझे म्हणणे नाही. 1971 साली ‘गंगा’ विमान लाहोरला पळविणाऱ्यांजवळ खोटे पिस्तूल होते. म्हणजे भीती घालायला खरे शस्त्र लागतेच असे नाही. पण या न्यायाने काहीही शस्त्र ठरेल. 1985 साली ‘कनिष्क’मध्ये 329 माणसे गेली, तो बाँब तर खाली चढविलेल्या सामानात होता. 11 सप्टेंबर 2001 नंतर सारे जग धारदार वस्तूंना भिऊ लागले, हेही समजू शकते. परंतु ज्या अमेरिकेवर तो घाला पडला, तिथेसुद्धा विणायच्या सुया आज प्रवाशाला जवळ ठेवता येतात. ब्रिटनमध्ये तर 6 सेंटिमीटरपेक्षा आखूड पात्याची कात्रीही चालते. अर्थात शेवटचा शब्द तपासनीसाचा, आणि खटकते ते हेच. जाताना चालले ते येताना चालेलच असे नाही. दुर्योधनाने निदान नकार स्पष्ट शब्दांत तरी दिला होता! काय चालते, काय नाही, याची यादी तिकिटाबरोबर मराठीतून मिळाली तर कितीतरी म्हाताऱ्यांची रडारड वाचेल. आता विमानतळ आपल्याच रायगड जिल्ह्यात, उलव्याला झाला आहे. ही मागणी आपण नाही करायची तर कोणी?

तोपर्यंत लोखंडी सुया नि कात्री मोठ्या बॅगेत टाकावी. जवळ बांबूच्या किंवा प्लॅस्टिकच्या आखूड सुया ठेवाव्यात आणि तपासणीआधी सगळ्या टाक्यांतून एक जाड दोरा ओवून घ्यावा. सुया गेल्याच तर टाके दोऱ्यावर राहतात आणि मुक्कामी नव्या सुयांवर चढविता येतात.