चंद्रतालला जाताय? मग एवढं ऐकाच!

हिमालयात जायचं ठरलं, की आपली पहिली धावपळ लाडू-चिवड्याचे डबे भरण्याची. स्वेटर, मोजे, कानटोप्या, सगळ्यांचं सगळं आपण आठवणीने घेतो. पण मैत्रिणींनो, एक गोष्ट मात्र घरीच ठेवून जा. ‘काही नाही गं, बरी आहे मी,’ असं म्हणायची आपली सवय!

चंद्रताल हे हिमाचल प्रदेशातल्या लाहौल-स्पीती जिल्ह्यातलं, चंद्रकोरीच्या आकाराचं सरोवर. हिमनद्यांच्या प्रदेशातलं निळंशार पाणी, भोवती उघडेबोडके डोंगर आणि रात्री ताऱ्यांनी गच्च भरलेलं आकाश! २००५ साली त्याला आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागेचा, म्हणजे रामसर स्थळाचा दर्जा मिळाला. तंबू काठावर लावू देत नाहीत; मुक्काम थोडा दूर. पाण्यात उतरायलाही बंदी आहे. काठाने रमतगमत फेरी मारावी, चक्रवाक दिसतो का पाहावं, हीच तिथली मजा.

पण उंची किती, ठाऊक आहे? सुमारे ४,२५० मीटर! म्हणजे आपल्या कळसूबाईच्या अडीचपट. तिथे एका श्वासात मिळणारा प्राणवायू समुद्रकाठच्या मानाने जेमतेम ६० टक्के. सकाळी मनालीहून निघून रात्री चंद्रतालला झोपायचं, असा बेत बरेचजण करतात. एका दिवसात उंची दुप्पट होते. शरीराला सवय व्हायला वेळ कुठला? त्यापेक्षा सिमला, किन्नौर, ताबो, काझा असं मुक्काम करत गेलेलं बरं. ३,००० मीटरच्या वर गेल्यावर झोपायची जागा रोज ५०० मीटरहून जास्त उंच नेऊ नये आणि तीन-चार दिवसांनी एक दिवस विश्रांती घ्यावी, असा साधा नियम आहे.

डोकं दुखणं, मळमळणं, जेवण नकोसं होणं, चक्कर येणं ही विरळ हवेची लक्षणं. धट्टीकट्टी माणसंही यातून सुटत नाहीत बरं का! अशा वेळी ‘प्रवासाचा शीण असेल, उगाच सगळ्यांचा विरस नको,’ म्हणून गप्प बसू नका. लगेच सांगा. आणखी वर जाऊ नका, पाणी पीत राहा, आराम करा. बरं वाटत नसेल तर खाली उतरा. बसल्या जागी धाप लागली, चालताना तोल गेला किंवा बोलणं असंबद्ध झालं, तर जिवाला धोका आहे असं समजा आणि क्षणाचाही उशीर न करता खाली उतरायची व्यवस्था करा. झोपेची गोळी तर मुळीच नको.

रक्तदाब, हृदयविकार, दमा असेल किंवा दिवस गेले असतील, तर तिकिटं काढण्याआधी डॉक्टरांना विचारा.

हाताशी दोन दिवस जादा ठेवा. जुलै २०२३ मध्ये अवेळी बर्फ पडून सुमारे तीनशे पर्यटक तिथे अडकले होते. ऐन पावसाळ्याच्या दिवसांत, बरं!

मुलाचा चेहरा जरा उतरला, तरी आपल्या लगेच लक्षात येतं. तीच नजर एकदा स्वतःकडेही वळवा. सरोवर कुठे जात नाही. यंदा राहिलं तर पुढल्या वर्षी पाहता येईल.