शाहिराच्या मरणामागची चौदा वर्षे

माहितीपटकार आनंद पटवर्धन यांच्या १९८५च्या ‘हमारा शहर’मध्ये मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जात असताना एक बाई थेट कॅमेऱ्यावरच भडकते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्या पदरात काय पडणार, असा तिचा रोख. संकलनात हा तुकडा सहज कापता आला असता. पटवर्धनांनी तो ठेवला.

माहितीपट काढणाऱ्याने तटस्थ राहावे, आपण तिथे नव्हतोच असे भासवावे, ही अपेक्षा आजही ऐकू येते. ती चुकीची आहे. कॅमेरा घेऊन कुणाच्या दारात उभा राहिलेला माणूस अदृश्य कसा होणार? पटवर्धन आपली बाजू लपवत नाहीत. प्रश्न विचारणारा कोण आणि कुठल्या बाजूचा, हे कळल्यामुळे उत्तरे पारखणे प्रेक्षकाच्या हाती राहते.

‘हमारा शहर’मध्ये गाणारे शाहीर विलास घोगरे मुलुंडच्या वस्तीत राहायचे. ११ जुलै १९९७ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातल्याचे दिसले, लोक रस्त्यावर उतरले आणि राज्य राखीव पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. त्यानंतर चारच दिवसांनी घोगऱ्यांनी गळफास घेतला. हयात डाव्या चळवळीत गाण्यात गेलेली. जाताना मात्र डोक्याला आंबेडकरी चळवळीचे निळे फडके बांधलेले.

हे निळे फडके पटवर्धनांना स्वस्थ बसू देईना. मित्राच्या मरणाचा माग काढता काढता १४ वर्षे गेली आणि २०११मध्ये तीन तासांहून मोठा ‘जय भीम कॉम्रेड’ तयार झाला. गोळीबाराचा खटला रेंगाळत राहतो, पुढारी बाजू बदलतात, आणि वस्त्यावस्त्यांत लोक गात राहतात. बातमीदार दोन दिवसांत परततो. त्याचा दोष नाही, त्याला पान भरायचे असते. पण पुढाऱ्याचे आधीचे आणि नंतरचे भाषण शेजारी ठेवायचे, तर तिथे वर्षानुवर्षे जावेच लागते. आणि एवढी वर्षे जाणारा माणूस त्रयस्थ कसा राहील?

२०२३च्या ‘वसुधैव कुटुंबकम’मध्ये हाच कॅमेरा घरात वळतो. वडील बाळू आणि कुंभारकाम करणाऱ्या कलावंत आई निर्मला यांच्या म्हातारपणातल्या गप्पा, थट्टा आणि आजारपण चित्रित करता करता रावसाहेब आणि अच्युत पटवर्धन या काकांचा स्वातंत्र्यलढा आणि आईचे सिंधमधले हैदराबाद समोर येत जाते.

टीव्हीवर मात्र पटवर्धनांचा ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ हा माहितीपट दाखवण्यासाठी २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाला दूरदर्शनला आदेश द्यावा लागला होता. ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये तर जागोजागी मराठी माणसे आणि मराठी गाणी आहेत. मराठी वाहिन्यांनी येत्या ११ जुलैला रात्रीच्या मुख्य वेळेत तो अखंड दाखवावा.