विवाहित पाद्री आणि रोमचे मौन

कॅथलिक पाद्र्यांना विवाहाची मुभा असावी की नसावी, या प्रश्नावर निर्णय न देताच पोप फ्रान्सिस एप्रिल २०२५ मध्ये निवर्तले. त्यांच्या जागी आलेले पोप लिओ चौदावे यांच्याकडे हा प्रश्न वारसाहक्काने आला आहे. तो सुटला नाही याची खंत युरोपातील सुधारकांनी पुष्कळ व्यक्त केली. पण ज्यांचे त्यावाचून खरोखर अडले आहे ती माणसे ॲमेझॉनच्या जंगलात राहतात आणि त्यांना वृत्तपत्रांत पत्रे लिहिता येत नाहीत. प्रश्न समजून घ्यावयाचा तर तिथूनच सुरुवात केली पाहिजे.

ब्राझीलमधील शिंगू हा धर्मप्रांत २०१९ मध्ये विभागला जाईपर्यंत सबंध महाराष्ट्राहून विस्ताराने मोठा होता आणि त्यात पाद्र्यांची संख्या तीसदेखील नव्हती. नदीकाठच्या वस्त्यांवर होडीने पाद्री पोहोचणार, तो वर्षातून एकदोनदा. कॅथलिक धर्मात मिस्सा हा उपासनेचा गाभा, आणि मिस्सा व कुमसार पाद्र्यावाचून होत नाहीत. म्हणजे या माणसांना चर्चनेच सांगितलेला मुख्य विधी चर्चच्याच नियमामुळे अप्राप्य होतो. तेथील बिशप एर्विन क्राऊटलर यांनी ही स्थिती २०१४ मध्ये पोप फ्रान्सिस यांच्या कानी घातली, तेव्हा स्थानिक बिशपांनी धीटपणे प्रस्ताव मांडावेत असा सल्ला त्यांना मिळाला. बिशपांनी तो शब्दशः मानला. ऑक्टोबर २०१९ मध्ये रोममध्ये भरलेल्या ॲमेझॉनविषयक धर्मपरिषदेने, ज्यांचा संसार स्थिरावला आहे आणि ज्यांनी डीकन म्हणून चोख सेवा केली आहे अशा गृहस्थांना अतिदुर्गम भागापुरती पाद्रीपदाची दीक्षा द्यावी, अशी शिफारस १२८ विरुद्ध ४१ मतांनी केली. दोनतृतीयांश मते पुरेशी होती. ती भरपूर ओलांडली गेली.

पुढे जे घडले ते उद्बोधक आहे. जानेवारी २०२० मध्ये कार्डिनल रॉबर्ट सारा यांचे ब्रह्मचर्याचा कैवार घेणारे पुस्तक निघाले. त्यावर निवृत्त पोप बेनेडिक्ट सोळावे यांचे नाव सहलेखक म्हणून झळकले, आणि गदारोळ उठताच ते काढून घेण्याची विनंती झाली. फेब्रुवारीत पोप फ्रान्सिस यांचे ॲमेझॉनसंबंधीचे आवाहनपत्र आले. त्यात नद्या होत्या, अरण्ये होती, आदिवासींच्या पिळवणुकीबद्दलची मनापासूनची चीड होती. विवाहित पाद्र्यांबद्दल मात्र अवाक्षर नव्हते. धीटपणे मागा म्हणून सांगावयाचे आणि मागितल्यावर गप्प बसावयाचे, याला राजकारणात एक नाव आहे. धर्मकारणात तेच नाव वापरावे की नाही, हे वाचकांनी ठरवावे.

पाद्र्यांचे ब्रह्मचर्य हा कॅथलिक श्रद्धेचा सिद्धान्त नव्हे, तो चर्चचा कायदा आहे. हे आम्ही पदरचे सांगत नाही. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ मध्येच मान्य केले आहे की पाद्रीपदाच्या स्वरूपातच ब्रह्मचर्य अनिवार्य आहे असे नाही. पहिले पोप मानले जाणारे सेंट पीटर यांच्या सासूचा ताप येशूने उतरविल्याची कथा बायबलात आहे, आणि सासू होती त्याअर्थी पीटर गृहस्थ होते हे उघडच आहे. पौर्वात्य चर्चमध्ये विवाहित पुरुषाला दीक्षा देण्याची प्रथा आजही आहे; ब्रह्मचर्याची अट फक्त बिशपांना. रोमच्या छत्राखालील पौर्वात्य कॅथलिक चर्चनाही ती सवलत आहे.

पश्चिमेकडे विरक्तीचा आदर्श चौथ्या शतकापासून सांगितला जात होता, परंतु कायद्याचा फास आवळला गेला तो अकराव्या-बाराव्या शतकांत. आदर्शाच्या जोडीला जमिनीचा प्रश्न होता. पाद्र्याला मुले झाली की चर्चची शेते वारसांच्या नावे होऊ लागतात, ही धास्ती खरी होती. १०२२ मध्ये पाव्हिया येथे पाद्र्यांच्या मुलांना चर्चचे भूदास ठरविण्यात आले. ११३९ च्या दुसऱ्या लॅटरन परिषदेने पाद्र्यांचे विवाहच रद्दबातल केले. बापाच्या आश्रमभंगाची सजा मुलांना, हा न्याय आपल्याला अपरिचित नाही. आळंदीच्या विठ्ठलपंतांच्या चार मुलांनी तो भोगला आहे. आणि तो केवळ मध्ययुगातला म्हणून सोडून देता येत नाही. पाद्र्यांपासून झालेल्या मुलांबाबत आपल्याजवळ अंतर्गत मार्गदर्शक नियम असल्याचे व्हॅटिकनने २०१९ मध्ये मान्य केले. नियम आहेत त्याअर्थी मुले आहेत, आणि बापाचे नाव उच्चारू न शकणारी अशी माणसे अनेक देशांत हयात आहेत.

या कायद्याच्या इतिहासात गोव्याचाही एक अध्याय आहे, आणि तो गोव्याच्या ख्रिस्ती वा हिंदू घरांत फारसा सांगितला जात नाही. मलबारच्या सेंट थॉमस ख्रिस्ती समाजाचे पाद्री, म्हणजे कत्तनार, शतकानुशतके संसारी होते. त्यांच्या पत्नींना समाजात मान होता. गोव्याचे आर्चबिशप आलेक्सो द मेनेझिश १५९९ मध्ये मलबारात गेले आणि जूनमध्ये उदयंपेरूर येथे धर्मपरिषद भरवून त्यांनी त्या समाजाला रोमच्या साच्यात बसविले. विवाहित कत्तनारांनी बायकांपासून वेगळे व्हावे, नाहीतर वेदीपासून दूर राहावे, असे ठरले. ज्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या देवाचे काम आणि संसार एकत्र नांदत होते, तिथे कालपर्यंतची पत्नी एका ठरावाने अडसर झाली. तिला कोणी विचारल्याची नोंद नाही. १६५३ मध्ये त्याच समाजाने कूनन क्रुसाची शपथ घेऊन पोर्तुगीजधार्जिण्या अधिकाऱ्यांचे जोखड झुगारले. त्यामागची कारणे अनेक आहेत. एकट्या विवाहबंदीवर बोट ठेवणे अनैतिहासिक होईल. परंतु आज केरळात ऑर्थोडॉक्स व जॅकोबाइट पाद्री बायकामुलांसह राहतात, आणि रोमशी एकनिष्ठ राहिलेल्या सिरो-मलबार चर्चचे पाद्री अविवाहित असतात. एकाच परंपरेची ही दोन घरे शेजारी शेजारी उभी आहेत, आणि विवाहित पाद्र्यांमुळे पहिल्या घरातील श्रद्धा पातळ झाल्याचे आमच्या ऐकिवात नाही.

याचा अर्थ ब्रह्मचर्य निरर्थक आहे, असा आम्ही करीत नाही. गोव्याचे सुपुत्र सेंट जोसेफ वाझ १६८७ मध्ये मजुराच्या वेषात डचांच्या ताब्यातील सिलोनमध्ये शिरले आणि १७११ मध्ये कँडी येथे देह ठेवीपर्यंत तिथल्या छळलेल्या कॅथलिकांसाठी रानोमाळ हिंडले. ते पायात संसाराची बेडी असलेल्या माणसाचे काम नव्हते. असा मार्ग जो आपखुशीने पत्करील त्याच्यापुढे कोणीही नम्र व्हावे. पण आपल्याकडे गावचा भटजी संसारी असतो आणि संन्यासी वेगळा असतो. मठवासी व्रतस्थ आणि गावचा व्हिगार यांत कॅथलिक चर्चही भेद करतेच. मग व्रतस्थाची कसोटी व्हिगाराला लावण्याचा हट्ट का?

विवाहाची मुभा दिली की सर्व रोग बरे होतील, असे सांगणाऱ्यांशीही आमचे जमत नाही. पाद्र्यांनी मुलांवर केलेल्या अत्याचारांचे खापर सरसकट ब्रह्मचर्यावर फोडले जाते. संसारी पुरुषही असे गुन्हे करतात हे सोयीस्करपणे विसरले जाते. ऑस्ट्रेलियाच्या शाही आयोगाने २०१७ मध्ये अधिक विवेकाने लिहिले: ब्रह्मचर्य हे अत्याचारांचे थेट कारण नव्हे, पण इतर घटकांशी मिळून त्याने धोका वाढविला, सबब ते ऐच्छिक करण्याबाबत बिशपांनी रोमला विनंती करावी. मार्च २०२३ मध्ये जर्मन चर्चच्या सभेनेही फेरविचार मागितला. विवाहित पाद्री आले म्हणजे पोटगी, घरभाडे, मुलांच्या शाळा हेही येईल, आणि हा खर्च गरीब धर्मप्रांतांनी कोठून करावा हे सुधारकांनी अजून नीट सांगितलेले नाही.

तरीही एक गोष्ट पचत नाही. अँग्लिकन पंथ सोडून आलेल्या विवाहित धर्मगुरूंना रोम पत्नीसह सामावून घेते. १९८० पासून अमेरिकेत आणि पुढे इंग्लंडातही तशी वाट मोकळी झाली. इंग्लंडातील सुशिक्षित गृहस्थाला जे मिळते ते जन्माने कॅथलिक असलेल्या ॲमेझॉनमधील आदिवासी डीकनला मिळू नये, याचे धर्मशास्त्रीय कारण आम्हाला सापडत नाही.

पोप लिओ स्वतः ऑगस्टिनियन संघाचे व्रतस्थ आहेत. मेनेझिशही त्याच संघाचे होते. पण लिओ यांचे बरेच आयुष्य पेरूमध्ये गेले आहे, आणि पेरूचा मोठा भाग ॲमेझॉनचेच अरण्य आहे. त्यांनी जगभराचा कायदा एका फटक्यात बदलावा असे २०१९ च्या परिषदेनेही मागितले नव्हते. आपल्या पत्राने परिषदेच्या निवेदनाची जागा घ्यावी असा आपला हेतू नाही, हे फ्रान्सिस यांनी त्या पत्रातच लिहून ठेवले. त्यामुळे त्या निवेदनाचा १११ वा परिच्छेद आजमितीस मंजूरही नाही आणि नामंजूरही नाही.